सासूबाईंचा स्वतंत्र जिना

मंगळवारी सकाळी सव्वादहा वाजता माझ्या सासूबाईंचा जिना पाडण्यात आला. त्या वेळी सासूबाई वर होत्या.

बातमी एवढीच. काय झालं, कधी झालं, कुणाचं झालं, सगळं दोन वाक्यांत आलं. एका सायंदैनिकाच्या टेबलावर मी अर्धं आयुष्य काढलंय, त्यामुळे याहून एक शब्द जास्त लिहायचा म्हटलं की माझा हात आखडतो. पण तुम्ही विचारणार, जिना का पाडला? इथे जरा पंचाईत आहे. कारण तो माझ्या अर्जामुळे पडला. अर्ज फेटाळला म्हणून नव्हे. मंजूर झाला म्हणून!

आधीच नमूद करतो, की नेमकं लिहिण्यात माझा हात धरणारा आमच्या कचेरीत कुणी नाही. तिथे मला 'कात्री' म्हणतात. पाठीमागे म्हणतात, पण मला ऐकू येतं आणि आवडतंही. वार्ताहर चार पानं लिहून आणतो, मी चार ओळी ठेवतो. तो रडकुंडीला येतो, वाचकाचं मात्र काही अडत नाही. एकदा एका पुढाऱ्याचं भाषण कापत कापत मी 'आभारी आहे' एवढ्यावर आणलं होतं. दुसऱ्या दिवशी त्याचा फोन आला, "आज पहिल्यांदा माझं म्हणणं लोकांना कळलं!"

असा माणूस घरात असताना अर्ज लिहायला दुसरीकडे कोण जाईल?

सासूबाईंचं घर हमरस्त्याला लागून आहे. खाली सायकलवाल्याचं दुकान. ते त्याच्या मालकीचं. वरच्या दोन खोल्या सासूबाईंच्या मालकीच्या. पुढच्या खोलीत शिलाई मशीन, कापडं बेतायचं लांबलचक टेबल आणि आरसा. मागच्या खोलीत खाट, शेगडी आणि खिडकी. सासरे फार लवकर गेले. त्यानंतर सासूबाईंनी मशीनवर मुलगी वाढवली, आणि त्याच मशीनवर या दोन खोल्या केल्या. "मी खोल्या विकत नाही घेतल्या," असं त्या गिऱ्हाइकाच्या खांद्याचं माप घेता घेता सांगतात, "शिवून घेतल्या."

वर जायला बाहेरून, रस्त्याच्या अंगाने, दगडी जिना. लोखंडी कठडा. बायका पायऱ्यांवर बसून आपापल्या कपड्यांची वाट बघायच्या, आणि सायकलवाला खालून ओरडायचा, "ताई, जरा सरकून बसा, हवा भरायला आलेलं गिऱ्हाईक तुम्हाला बघून परत जातंय!"

हमरस्ता रुंद करायचं ठरलं. मोजणी झाली. रस्त्याची नवी रेषा घराच्या भिंतीपासून वीतभर अंतरावरून गेली. घर वाचलं, जिना गेला. मोबदल्याची नोटीस आली. तिच्यात लिहिलं होतं, 'किरकोळ बांधकाम: पायऱ्या, कट्टा वगैरे.'

वगैरे! माझं रक्त उसळलं. ज्या जिन्यावरून मी नवरदेव म्हणून चढलो, आणि पाय घसरून तितक्याच वेगाने खाली आलो, तो वगैरे?

"अर्ज मी लिहितो," मी जाहीर केलं.

"मी लिहिलाय," बायको म्हणाली. ती औषधांच्या दुकानात बसते. तिचं सगळं मोजकं असतं: सकाळी एक, संध्याकाळी एक, जेवणानंतर. तिने तीनच वाक्यं लिहिली होती. पहिलं, जिना दगडी आणि पक्का आहे. दुसरं, त्याचा मोबदला त्या मानाने मिळावा. तिसरं, जिना गेल्यावर वरच्या खोल्यांत जायला दुसरी वाट नाही, तरी त्या खोल्यांचाही विचार व्हावा.

मी पेन काढलं आणि तिसऱ्या वाक्यावर आडवी रेघ मारली.

"का?"

"उघड आहे म्हणून. जिना गेला की वर जाता येत नाही, हे शेंबड्या पोरालाही कळतं."

"ते पोर त्या ऑफिसात नोकरीला आहे का?"

"अगं, एका अर्जात एकच मुद्दा ठेवायचा. जास्त मागितलं की हातचंही जातं. आपला मुद्दा जिना. तो एकदा ठणठणीत सिद्ध झाला, की घराचं पुढच्या अर्जात बघू."

"जिना काय हवेत बांधलाय? घरासाठीच बांधलाय ना?"

"तसं लिहिलं की तो घराचा भाग झाला. घराचा भाग म्हणजे किरकोळ. किरकोळ म्हणजे वगैरे!"

ती काही बोलली नाही. आमच्या घरात ती गप्प बसली की मी जिंकलो असं मी समजतो. ती तसं समजत नाही, हे मला नेहमी उशिरा कळतं.

मी आठवडाभर अर्जावर बसलो. अंडी उबवणारी कोंबडीही इतकी एकाग्र नसते. शेवटी जे उतरलं ते असं: 'सदर जिना हे पूर्णतः स्वतंत्र बांधकाम आहे. त्याचा पाया स्वतंत्र असून त्याचा भार तो स्वतःच पेलतो. मुख्य इमारत त्यावर कोणत्याही प्रकारे अवलंबून नाही.'

सासूबाईंनी तो मोठ्याने वाचला. मग चष्मा काढला, पुसला, पुन्हा वाचला.

"जावईबापू," त्या म्हणाल्या, "कुठे एक धागा लोंबत नाही हो!"

त्यांनी अर्जाची प्रत मशीनच्या वर भिंतीला टाचण्यांनी लावली. येईल त्या गिऱ्हाइकाला माप घेताना ती वाचून दाखवायच्या. खालच्या सायकलवाल्याला तर पाठ झाली होती. पंक्चर काढताना तो पुटपुटायचा, "भार तो स्वतःच पेलतो..."

आणि अर्ज मंजूर झाला! पूर्णपणे! उत्तरात लिहिलं होतं, 'अर्जदाराचे म्हणणे जसेच्या तसे मान्य.' जिना स्वतंत्र ठरला. मोबदला दुप्पट झाला. मी बायकोकडे नुसतं बघितलं. काही बोललो नाही. विजयी माणसाने संयम पाळावा.

उत्तराला दुसरा परिच्छेद होता. मी तो वाचला नाही असं नाही. पण सवयीने वाचला, म्हणजे कापायच्या नजरेने. त्यात म्हटलं होतं, 'मुख्य इमारत जिन्यावर अवलंबून नसल्याने ती अबाधित समजण्यात येत आहे.' मला वाटलं, पाल्हाळ आहे.

काही दिवसांनी जिन्याचा ताबा घेणार असल्याचं पत्र आलं. सासूबाईंनी विचारलं, "म्हणजे मंगळवारी मी काय करू?"

"शिवत बसा," मी म्हणालो. "ताबा म्हणजे कागदावरचा. येतील, एक लाल खूण करतील, चहा पितील आणि जातील. खरं काम सुरू व्हायला वर्षं लागतात. आई, या लोकांना मी आयुष्यभर छापत आलोय!"

त्यांच्याकडे परिचारिका शाळेच्या गणवेशांची मोठी ऑर्डर होती. त्या शिवत बसल्या.

*

बायकोचा फोन आला तेव्हा मी पहिलं पान लावत होतो.

"आईचा जिना पाडला."

"खात्री केलीस?"

"हो."

"कुणी सांगितलं?"

"आईने. वरून!"

पान उपसंपादिकेच्या हवाली करून मी निघालो. ती हुशार मुलगी आहे, मीच तयार केलेली. "काही लागलं तर कापा," एवढंच मी जाता जाता म्हणालो. हे वाक्य लक्षात ठेवा. मला ठेवायला हवं होतं.

तिथे पोचलो तर रस्त्याच्या कडेला दगडांचा ढीग, त्यावर आडवा पडलेला लोखंडी कठडा आणि शेजारी मान खाली घातलेला जेसीबी. भिंतीत, माणसाच्या डोक्याच्या बऱ्याच वर, एक दार उघडं होतं. दाराच्या पुढे काही नव्हतं. नुसती हवा! आणि त्या दारात, गळ्यात टेप अडकवून, तोंडात टाचण्या धरून सासूबाई उभ्या होत्या.

मला बघून त्यांनी टाचण्या एकेक काढून पदराला टोचल्या. त्याला बराच वेळ लागला. तेवढ्या वेळात मला त्या काय बोलणार याची पूर्ण कल्पना आली.

"या जावईबापू," त्या म्हणाल्या. "वर या."

सायकलवाला हसू दाबायला वाकून एका चाकाची हवा तपासत होता. त्या चाकात टायरच नव्हता.

मी पाडकामाच्या मुकादमाला गाठलं. "अहो, वर माणूस असताना जिना पाडता?"

"साहेब, मी हाका मारल्या. वर मशीन चालू होती. मग यांना विचारलं," त्याने सायकलवाल्याकडे बोट दाखवलं. "हे म्हणाले, बाई वर आहेत, पण काळजी करू नका. त्यांच्या जावयांनी लिहून दिलंय, घराचा आणि जिन्याचा काही संबंध नाही."

"मी जसंच्या तसं सांगितलं," सायकलवाला म्हणाला. "मुख्य इमारत त्यावर कोणत्याही प्रकारे—"

"पुरे!"

"मलाही शंका आली होती," मुकादम म्हणाला. "पण एवढं शिकलेल्या माणसाने लिहिलंय, म्हणजे दुसरी वाट असणार. मागून म्हणा, आतून म्हणा."

मागे दुसऱ्याची भिंत. आत सायकलवाल्याचं छत. ते फोडून आतून जिना करावा म्हटलं, तर तो लगेच गंभीर झाला. "छे छे! आता माझं दुकान थेट हमरस्त्यावर आलंय. मी मोटारसायकली ठेवणार आहे!"

पलीकडे एक रंगारी पाटी रंगवत होता. त्याची शिडी मागून आणली, भिंतीला लावली. बायको शिडीच्या तळाशी उभी राहिली. "आई, हळूहळू उतर. आमच्याकडे चल. खोली रिकामीच आहे."

"नाही येणार."

"अगं, जिना नसताना वर राहणार कशी?"

"तुझ्या घरी येऊन काय राहू? पाहुणी म्हणून? मशीन कुठे ठेवू, तुमच्या सोफ्यावर? इथे मी कुणाला विचारून चहा करत नाही." आवाज जरा हलला. पण लगेच त्यांनी टेप सारखा केला. "आणि मी शिडीने उतरले की हे लोक लिहिणार, बाई उतरल्या. म्हणजे वाट आहे. माझ्या खोल्यांचं काय ते ठरल्याशिवाय मी उंबरा ओलांडणार नाही!"

उंबरा ओलांडला असता तर त्या थेट दगडांवर आल्या असत्या, हे सांगायचं मी टाळलं.

*

मोजणीसाहेब आले. उन्हाने रापलेला, हळू आवाजाचा, सज्जन माणूस. डोक्यावर टोपी, बगलेत फाइल. मी माझी ओळख दिली तसा त्यांचा चेहरा उजळला.

"तो अर्ज तुमचा? अहो, नोकरीत इतका स्वच्छ अर्ज पाहिला नाही! लोक काय काय लिहितात. आजोबा, आजारपण, म्हैस. तुमच्यात एक शब्द फालतू नाही. आम्ही तो नमुना म्हणून भिंतीवर लावलाय."

जगात दोन भिंतींवर माझं लिखाण लागलं होतं आणि दोन्ही वेळा त्याने माझाच गळा धरला होता.

"साहेब, यात घराचा उल्लेख राहिला," मी म्हणालो.

"राहिला नाही, काढला," बायको म्हणाली.

साहेबांनी वर पाहिलं. वरून सासूबाईंनी खाली पाहिलं. साहेबांनी टोपी काढली.

"फेरमूल्यांकन होऊ शकतं," ते म्हणाले. "घर निरुपयोगी झालं असं ठरलं, तर दोन्ही खोल्यांचा मोबदला मिळेल. पण त्यासाठी मला आतून पाहणी करावी लागेल."

"मग करा की! शिडी लावलीच आहे."

"तिथेच तर घोडं पेंड खातंय. शिडीने वर गेलो तर अहवालात लिहावं लागेल, शिडीने गेलो. म्हणजे पोचता येतं. पोचता येतं म्हणजे घर वापरात आहे."

"आणि नाही गेलात तर?"

"तर पाहणी झाली नाही. पाहणी नाही, तर फेरमूल्यांकन नाही."

वरून आवाज आला. "म्हणजे साहेब, तुम्ही आलात तरी मला काही नाही, आणि नाही आलात तरी काही नाही?"

"हो बाई," साहेब खरोखर खजील झाले.

"मग उन्हात कशाला उभे राहता? सायकलवाल्याच्या सावलीत तरी बसा."

तेवढ्यात माझ्या डोक्यात वीज चमकली. अर्जातून मी एक वाक्य काढून घर बुडवलं होतं, तर आता एक शब्द पकडून ते वर काढणार होतो! "साहेब, अहवालात नेमकं काय विचारलंय?"

"पाहणीच्या वेळी पोचमार्ग आहे की नाही."

"पाहणीच्या वेळी! आणि पाहणी सुरू केव्हा होते?"

"आत पाऊल टाकल्यावर."

"मग तुम्ही आत पाऊल टाका. आम्ही शिडी काढतो. तुम्ही मागे वळून बघा. शिडी आहे? नाही! पाहणीच्या वेळी पोचमार्ग? नाही! लिहा!"

साहेबांनी फाइल उघडून तो शब्द पुन्हा वाचला. मग हळूच हसले. "तुम्ही आमच्याकडे नोकरीला का नाही आलात?"

"देवाची कृपा," बायको म्हणाली. ती कुणावर, ते तिने सांगितलं नाही.

साहेब चढले. एकेक पायरी तपासत, जणू तिचाही मोबदला ठरवायचाय. आत पाऊल टाकलं. मी रंगाऱ्याला म्हटलं, "शिडी काढ. दूर ने."

"किती दूर?"

"साहेब फोटो काढणार आहेत. दिसता कामा नये!"

रंगाऱ्याने शिडी खांद्यावर टाकली आणि तो निघाला. साहेबांनी दारात उभं राहून फोटो काढले: दगड, कठडा, जेसीबी, वर बघणारा मी. मग आतल्या खोल्या मोजल्या, टिपणं घेतली, सही केली. आम्ही खालून टाळ्या वाजवल्या. सासूबाईंनीही वाजवल्या.

"झालं," साहेब म्हणाले. "आणा शिडी."

मी इकडे बघितलं, तिकडे बघितलं. पाटी अर्धवट रंगलेली. रंगारी नाही, शिडी नाही.

"तो गेला ना," सायकलवाला म्हणाला. "त्याचं दुसरीकडे काम होतं. मी म्हटलं, अरे थांब. तर म्हणाला, साहेबांनीच सांगितलंय, दिसता कामा नये."

"फोन लावा त्याला!"

फोन लावला. तो सायकलवाल्याच्या दुकानातच वाजला. रंगाऱ्याने चार्जिंगला ठेवला होता.

*

इथून पुढे कामाला रंग चढला. रंगारी नसूनही!

रस्त्यावरच्या पुढच्या बांधकामांना हात लावायला मोजणीसाहेबांची खूण लागते. साहेब वर. त्यामुळे जेसीबी उभा, त्यामागे राडारोडा न्यायला आलेल्या गाड्या उभ्या, त्यामागे अख्ख्या गावाची वाहतूक उभी. भोंगे असे वाजत होते, की परिचारिका शाळेतून विचारणा आली, अपघात झालाय का, कुणाला पाठवू?

मुकादम घामाघूम झाला. "साहेब, जेसीबीचं बकेट वर करतो. तुम्ही दोघं त्यात बसा. लिफ्टसारखं खाली!"

"नको," साहेब म्हणाले.

"भीती वाटते का?"

"भीतीचा प्रश्न नाही. मी आत्ताच सही करून लिहिलंय, की या घरातून ये-जा करता येत नाही. आता मीच खाली आलो, तर माझा अहवाल खोटा ठरेल!"

मुकादम माझ्याकडे वळला. त्याच्या नजरेत असं काही होतं, की मी दोन पावलं मागे सरलो. "हे तुम्ही शिकवलंत ना त्यांना?"

"मी फक्त एक शब्द दाखवला."

"साहेब, एक विनंती करू? आता दिवसभर काही दाखवू नका."

सायकलवाला शेजारून दुसरी शिडी आणायला निघाला, तर साहेबांनी तीही नको म्हटलं. अहवाल वरिष्ठांकडे पोचेपर्यंत ते हलणार नव्हते. मी शिकवलेलं कधी कुणी इतकं मनावर घेतलं नव्हतं.

सासूबाईंनी गणवेशांच्या पट्ट्या विणून दोरी केली, तिला कापडी पिशवी बांधली आणि खाली सोडली. तिच्यातून दूध वर गेलं, पाव वर गेला, अहवालाची प्रत खाली आली. वरून मशीनचा आवाज येऊ लागला. मधूनच हसण्याचा. सायकलवाला कान देऊन आम्हाला वृत्तांत सांगत होता. "साहेबांच्या खिशाची शिवण उसवली होती, ती ताई शिवतायत... आता साहेब कापडावर खडूने रेघा मारतायत. ताई म्हणतायत, रेघ सरळ येते हो तुम्हाला! साहेब म्हणतायत, जन्मभर तेवढंच केलं. ज्यांच्या घरांवरून मारली त्यांनी मात्र कधी चहा विचारला नाही."

साहेबांना घरून फोन आला. दारात उभे राहून बोलले म्हणून आम्हालाही ऐकू आलं. "जरा उशीर होईल... वर अडकलोय... वर म्हणजे वर... नाही गं, ठणठणीत आहे!"

मग साहेबांनी आपल्या वरिष्ठांना फोन लावला. वरिष्ठ म्हणाले, अहवाल घेऊन समक्ष या. साहेब म्हणाले, समक्ष आलो तर अहवाल राहणार नाही. बराच खल झाला. अखेर वरिष्ठ म्हणाले, "संध्याकाळी मीच येतो. खालून बघतो, सही करतो, प्रकरण मिटवतो."

सगळ्यांच्या जिवात जीव आला. सासूबाई दारात आल्या. सकाळपासून पहिल्यांदाच त्या दाराच्या चौकटीला टेकल्या. "खरंच करतील का हो सही?" त्यांनी साहेबांना विचारलं. अगदी हळू. त्या आवाजात टाचण्या नव्हत्या.

"करतील," साहेब म्हणाले. "मी आहे ना इथे."

आता मीही काही तरी करायला हवं होतं. वाटलं, आपल्या हातात वर्तमानपत्र आहे! वरिष्ठ यायच्या आत संध्याकाळची आवृत्ती लोकांच्या हातात पडते. मी सायकलवाल्याच्या स्टुलावर बसून बातमी लिहिली. घडलं तशी, क्रमाने. आधी, जिन्याबाबतचा अर्ज मान्य झाला. मग, मोबदला दुप्पट झाला आणि जिना हटवण्यात आला. आणि शेवटी, सगळ्यात महत्त्वाचं: वरच्या खोल्यांना आता वाट उरलेली नाही, एक शिवणकाम करणारी बाई आणि एक अधिकारी वर अडकून पडले आहेत, त्या खोल्यांचा मोबदला कोण देणार? शेवटचा परिच्छेद वाचून माझेच डोळे भरून आले. बातमी पाठवली.

संध्याकाळी अंक आला. पहिल्या पानावर, चौकटीत! मथळा होता, 'जिन्याला अखेर न्याय!' खाली दोन परिच्छेद. अर्ज मान्य. मोबदला दुप्पट.

तिसरा परिच्छेद नव्हता.

मी कचेरीत फोन लावला. "शेवटचं कुठे गेलं?"

"सर, चौकटीत बसत नव्हतं," उपसंपादिका म्हणाली. "तुम्हीच शिकवलंत ना, कापायचं झालं तर खालून कापावं. महत्त्वाचं वर असतं." मग जरा अभिमानाने, "चांगली कापली ना?"

"छान," मी म्हणालो. दुसरं काय म्हणणार?

तेवढ्यात वर साहेबांचा फोन वाजला. वरिष्ठ गाडीतून बोलत होते. त्यांच्या हातात आमचाच अंक होता. साहेब ऐकत राहिले. मग त्यांनी फोन खिशात ठेवला, त्याच खिशात, ज्याची शिवण दुपारी नवी झाली होती.

"ते परत फिरले," साहेब म्हणाले. "म्हणाले, पेपरात आलंय, सगळं समाधानकारक मिटलंय."

 सायकलवाल्याने हातातला पंप खाली ठेवला, यावरून परिस्थिती ओळखा.

शेवटी बायकोने माझ्या खिशातलं पेन काढून घेतलं. एक कोरा कागद सायकलच्या सीटवर ठेवला आणि अगदी वरच्या कडेला एक ओळ लिहिली.

"मोठ्याने वाच," वरून सासूबाई म्हणाल्या.

"वर राहणाऱ्या बाईला वर जायला जिना नाही," तिने वाचलं. माझ्याकडे कागद सरकवला. "हे पहिलं वाक्य. आता याच्याखाली तुला काय हवं ते लिही. नेमकं लिही, स्वतंत्र लिही. आणि खालून लागेल तेवढं काप."

मी पेन परत घेतलं. त्याखाली लिहिण्यासारखं मला काही सुचलं नाही. अर्ज एका ओळीचाच राहिला. तो पिशवीतून वर गेला. सासूबाईंनी भिंतीवरचा जुना अर्ज काढला, त्याच टाचण्यांनी नवा अर्ज साहेबांच्या अहवालाला जोडला, आणि साहेबांनी त्यावर 'पाहिले' असं लिहून सही केली. आता तो वरिष्ठांच्या टेबलावर पोचायचा आहे. कुणी पोचवायचा, यावर वर आणि खाली दोन्हीकडे चर्चा चालू आहे. माझं नाव दोन्हीकडून वगळण्यात आलं आहे.

हे लिहीत असतानाची स्थिती अशी. मुकादमाने जेसीबीचं बकेट दाराखाली आणून ठेवलंय. यंत्र बंद करून तो आत बसलाय. "तत्त्व दमलं की हाक मारा, साहेब," एवढंच त्याने वर सांगितलं. वाहतूक दुसऱ्या रस्त्याने वळवली आहे. परिचारिका शाळेचे गणवेश तयार आहेत. साहेबांनी काजं करायला मदत केली, आणि एकही काज वाकडं नाही, असं समजतं.

उत्तर आलेलं नाही. रंगारीही आलेला नाही. सासूबाई वर आहेत.